कॅमेरा कुठे उभा आहे? छायालेखक स्टुर्ला ब्रांट ग्रोव्हलेन यांच्याविषयी वाचकांचे प्रश्न

गेल्या अंकात ‘अनदर राउंड’ या डॅनिश चित्रपटावर आलेल्या लेखात त्याचे नॉर्वेजियन छायालेखक स्टुर्ला ब्रांट ग्रोव्हलेन यांचा उल्लेख जेमतेम एका वाक्यात होता. त्यांच्याविषयी सविस्तर लिहावे अशी मागणी करणारी पत्रे आली आणि ती मागणी रास्तच आहे. चित्रपटाची चर्चा करताना आपण दिग्दर्शक आणि नटांपाशीच थांबतो; पडद्यावर जे पाहिले ते कोणी, कुठे उभे राहून टिपले हा प्रश्न मागे राहून जातो. म्हणून या वेळचे सदर पूर्णपणे ग्रोव्हलेन यांच्या कामाला दिले आहे.

प्रश्न : ग्रोव्हलेन यांचे शिक्षण कुठे झाले? नॉर्वेचा माणूस जर्मन, डॅनिश आणि आइसलँडच्या चित्रपटांत सतत कसा काय दिसतो?
– एक वाचक, सातारा

उत्तर : ग्रोव्हलेन यांचा जन्म १९८० साली ट्रॉनहाइम या नॉर्वेतील शहरात झाला. छायालेखनाचे शिक्षण त्यांनी कोपनहेगनच्या डॅनिश राष्ट्रीय चित्रपट विद्यालयात घेतले आणि २०११ मध्ये ते तेथून बाहेर पडले. हे विद्यालय १९६६ पासून चालू आहे, तर नॉर्वेचे स्वतःचे चित्रपट विद्यालय लिलेहामर येथे सुरू झाले ते १९९७ मध्ये. डॅनिश, नॉर्वेजियन आणि स्वीडिश बोलणाऱ्यांना एकमेकांचे बोलणे बऱ्यापैकी समजते, या देशांची लोकसंख्या लहान आहे आणि दोन-तीन देशांनी मिळून पैसे उभे केल्याखेरीज तेथे अनेक चित्रपट पूर्णच होत नाहीत. त्यामुळे तंत्रज्ञांनी एका देशातून दुसऱ्या देशात जाणे ही तिथली रोजची रीत आहे. ग्रोव्हलेन यांना जगभर ओळख मिळवून देणारे दोन्ही चित्रपट २०१५ चे आहेत. त्यांपैकी ‘व्हिक्टोरिया’ जर्मनीचा, तर ‘रॅम्स’ आइसलँडचा.

कोपनहेगनचा उल्लेख मी मुद्दाम केला, कारण १९९५ मध्ये लार्स फॉन ट्रिअर आणि थॉमस व्हिंटरबर्ग या डॅनिश दिग्दर्शकांनी ‘डॉग्मा’ या चित्रपट-चळवळीचा जाहीरनामा काढला तो याच वातावरणात. कॅमेरा हातातच धरायचा, वेगळी प्रकाशयोजना करायची नाही, अशी कडक पथ्ये त्यात होती. ग्रोव्हलेन यांची पिढी ती पथ्ये शब्दशः पाळणारी नव्हे. परंतु नटाला आधी मोकळीक द्यावी आणि कॅमेऱ्याने त्याच्याशी जुळवून घ्यावे हा विचार तेथे रुजला होता, आणि पुढे त्याच व्हिंटरबर्ग यांच्या ‘अनदर राउंड’चे छायालेखन ग्रोव्हलेन यांनी केले, यात मला एक सलग धागा दिसतो.

प्रश्न : ‘व्हिक्टोरिया’ हा संपूर्ण चित्रपट एकाच शॉटमध्ये घेतला आहे असे वाचले. खरोखरच मध्ये कुठेही कट नाही का? तसे असेल तर ते केले कसे? आणि मुख्य म्हणजे त्याची गरज होती, की ते केवळ लोकांना थक्क करण्यासाठी होते?
– एक वाचक, डोंबिवली

उत्तर : खरोखरच कट नाही. सेबास्टियन शिपर यांनी दिग्दर्शित केलेला हा १३८ मिनिटांचा चित्रपट २७ एप्रिल २०१४ रोजी पहाटे सुमारे साडेचारला सुरू होऊन सातच्या सुमारास चित्रित झाला. बर्लिनच्या क्रॉइत्सबर्ग आणि मिटे या भागांतील बावीस ठिकाणांमधून कॅमेरा फिरला. संहिता अवघी बारा पानांची होती आणि संवाद बव्हंशी नटांनी जागच्या जागी उभे केले. कथा अशी : माद्रिदहून बर्लिनला आलेली आणि एका कॅफेत काम करणारी तरुणी नाइटक्लबच्या बाहेर चार स्थानिक तरुणांना भेटते, त्यांच्याबरोबर रात्रीची भटकंती करते आणि उजाडायच्या आत बँकेवरच्या दरोड्यात ओढली जाते.

हे कसे जमले, हे समजण्यासाठी थोडे मागे जावे लागेल. फिल्मच्या काळात ३५ मिलिमीटरच्या हजार फुटी रिळात सुमारे अकरा मिनिटांचे चित्रण मावत असे. म्हणूनच हिचकॉक यांनी १९४८ मध्ये ‘रोप’ अखंड भासावा असा चित्रित केला तेव्हा नटाच्या पाठीआड कॅमेरा नेऊन त्यांना रीळ बदलावे लागले. डिजिटल चित्रणाने ही अडचण संपली. २३ डिसेंबर २००१ रोजी सेंट पीटर्सबर्गच्या हर्मिटाज संग्रहालयात टिलमन ब्युटनर यांनी अलेक्झांडर सोकुरोव यांच्या ‘रशियन आर्क’चा ९६ मिनिटांचा एकच शॉट स्टेडिकॅमवर (चालतानाही कॅमेरा न हिंदकळू देणाऱ्या, अंगावर बांधायच्या साधनावर) घेतला आणि तो हार्ड डिस्कवर नोंदला गेला. त्या चित्रपटातला कॅमेरा दालनांमधून तरंगत जातो. ग्रोव्हलेन यांनी तसे तरंगणे टाळले. त्यांनी कॅननचा सी-३०० हा कॅमेरा निवडला. त्याचा मुख्य भाग दीड किलोच्या आसपास भरतो, तो हातात धरून लिफ्टमध्ये, मोटारीच्या मागच्या बाजूला किंवा अरुंद जिन्यात शिरता येते आणि रस्त्यावरच्या दिव्यांच्या अपुऱ्या उजेडातही तो चित्र टिकवून धरतो.

पण माझ्या मते खरी अवघड गोष्ट उजेडाची होती. एप्रिलच्या अखेरीस बर्लिनमध्ये पावणेसहाच्या सुमारास सूर्योदय होतो. म्हणजे चित्रपट सुरू झाला तेव्हा पूर्ण अंधार होता, मध्यावर फटफटत होते आणि शेवटी लख्ख दिवस होता. तळघरातल्या क्लबचे लुकलुकणारे दिवे, गच्चीवरचा काळोख, कॅफेतला पिवळट बल्ब, वाहनतळाचा रुक्ष प्रकाश आणि अखेर उघड्या आभाळाखालचा रस्ता असा हा प्रवास आहे. या प्रवासात प्रकाशाची मात्रा शेकडो पटींनी बदलते. साधारण चित्रपटात अशा प्रत्येक ठिकाणी थांबून लेन्सचे छिद्र आणि रंगांचा समतोल निवांतपणे बसवता येतो. येथे ते सगळे चालता-चालता, नट पुढे निघून जाण्याच्या आत करायचे होते. शिवाय बाहेर उजाडण्याची वेळ कोणासाठी थांबणार नव्हती. गच्चीवरचा प्रसंग दहा मिनिटे लांबला असता तर पुढच्या प्रत्येक ठिकाणी वेगळा उजेड भेटला असता.

तालमी अर्थातच झाल्या. एक टेक फसलाच तर हातात काहीतरी असावे म्हणून आधी दहा-दहा मिनिटांच्या तुकड्यांत चित्रपट घेऊन ठेवला होता. त्यानंतर पूर्ण लांबीचे तीन प्रयत्न झाले. पहिल्यात सगळे फार जपून वावरले आणि दुसऱ्यात फार बेभान झाले, असे दिग्दर्शकांनी नंतर सांगितले आहे. आपण पाहतो तो तिसरा.

आता गरजेविषयी. माझे उत्तर दरोड्याच्या प्रसंगात आहे. त्या तरुणांपैकी तिघे बँकेत शिरतात आणि कॅमेरा त्यांच्यामागे जात नाही. तो व्हिक्टोरियाबरोबर वाहनातच थांबतो. आत काय चालले आहे हे आपल्याला दिसत नाही. दिसतो तो तिचा चेहरा, स्टिअरिंगवरचे हात आणि ऐन वेळी बंद पडलेले इंजिन. ती ते पुन्हा पुन्हा सुरू करण्याचा प्रयत्न करते आणि आपणही तिच्याइतकेच अडकून पडतो. दरोड्याच्या कोणत्याही चित्रपटात प्रेक्षकाला बँकेच्या आत नेण्याचा मोह आवरता येत नाही. इथे तो आवरला, कारण हा कॅमेरा पहिल्या मिनिटापासून एकाच व्यक्तीला बांधलेला आहे. कट करण्याची मुभा असती तर हा संयम इतका जाणवला नसता. कट नाही म्हणजे सुटकाही नाही, ही भावना या चित्रपटाचा कणा आहे.

उणिवाही आहेतच. उत्तरार्धातील काही योगायोग पटत नाहीत आणि पहिल्या तासातील गप्पा कधीकधी रेंगाळतात. तरीही कॅफेतल्या पियानोच्या प्रसंगापर्यंत पोचताना या रेंगाळण्याचा उपयोग कळतो. ती मुलगी वाद्य वाजवते, ऐकणारा तरुण अवाक होतो आणि कॅमेरा बराच वेळ तिच्या अगदी निकट स्थिर राहतो. आधीच्या तासाभरात त्याने एवढी धावपळ केलेली असते की त्याचे असे थांबणे हीच त्या प्रसंगातली सर्वांत मोठी घटना ठरते.

बर्लिन महोत्सवात २०१५ मध्ये या कामासाठी ग्रोव्हलेन यांना असाधारण कलात्मक योगदानाचे सिल्व्हर बेअर मिळाले. ते ‘अंडर इलेक्ट्रिक क्लाउड्स’ या रशियन चित्रपटाच्या दोघा छायालेखकांबरोबर विभागून होते. त्याच वर्षीच्या जर्मन चित्रपट पुरस्कारांत छायालेखनाचा ‘लोला’ही त्यांनाच मिळाला. या दोन्हींपेक्षा मला अधिक बोलकी वाटणारी गोष्ट अशी की चित्रपट संपल्यावर पडद्यावर येणारे पहिले नाव दिग्दर्शकाचे नसून छायालेखकाचे आहे.

प्रश्न : ‘व्हिक्टोरिया’ आणि ‘रॅम्स’ हे दोन चित्रपट मी लागोपाठ पाहिले. एकात कॅमेरा क्षणभर थांबत नाही आणि दुसऱ्यात तो जागचा हलत नाही. दोन्ही एकाच माणसाने चित्रित केले आहेत यावर विश्वास बसला नाही. मग या छायालेखकाला स्वतःची शैली आहे असे म्हणता येईल का?
– शिक्षिका, मडगाव

उत्तर : आपण अगदी योग्य दोन चित्रपट शेजारी ठेवले आहेत. शैली म्हणजे विशिष्ट रंगछटा, विशिष्ट प्रकारची लेन्स किंवा ओळखीची हालचाल असे मानले, तर ग्रोव्हलेन यांना शैली नाही असेच म्हणावे लागेल. त्यांच्या कामाची एखादी चौकट कापून दाखवली तर ती त्यांची आहे हे मलाही सांगता येणार नाही. पण त्यांचे चित्रपट सलग पाहिले की एक गोष्ट प्रत्येक वेळी जाणवते : या माणसांपासून कॅमेऱ्याने किती अंतरावर उभे राहायचे हे ते आरंभीच ठरवतात, आणि ते अंतर मोडायचेच झाले तर ठोस कारणाशिवाय मोडत नाहीत. मी त्यांची शैली तीच समजतो.

‘रॅम्स’ पाहा. ग्रिमुर हाकोनार्सन यांचा हा चित्रपट २०१५ च्या कान महोत्सवात ‘अन सर्तां रिगार’ विभागात सर्वोत्तम ठरला. उत्तर आइसलँडमधल्या एका दरीत दोन म्हातारे भाऊ शेजारी-शेजारी राहून मेंढ्या पाळतात आणि चाळीस वर्षे एकमेकांशी बोललेले नाहीत. निरोप द्यायचाच झाला तर कुत्र्याच्या तोंडी चिठ्ठी देतात. मग मेंढ्यांच्या मेंदूवर हल्ला करणारा स्क्रेपी हा रोग दरीत सापडतो आणि सगळे कळप मारून टाकण्याचा हुकूम येतो.

ग्रोव्हलेन यांनी कॅमेरा दूर, रुंद चौकटीत आणि बहुतेक वेळा स्थिर ठेवला आहे. दोन्ही घरे एकाच चौकटीत दिसत राहतात. मध्ये कुंपणाएवढेच अंतर आणि भोवती मैलोन्‌मैल उघडा माळ, त्यामुळे त्या अबोल्याचा हट्ट कोणी न सांगता कळतो. एका प्रसंगात धाकट्या गुम्मीला मोठा भाऊ किड्डी दारू पिऊन बर्फात गारठून पडलेला सापडतो. तो त्याला हात लावत नाही. तो लोडर आणतो, लोखंडी सुपात भावाला उचलतो, तसाच गावापर्यंत नेतो, रुग्णालयाच्या दारात उतरवतो आणि निघून जातो. हे सगळे आपण लांबून पाहतो. इथे गुम्मीचा चेहरा जवळून दाखवला असता, तर हसायचे की गलबलायचे हे त्या चेहऱ्याने आपल्याला सांगून टाकले असते. लांबून पाहिल्यामुळे दोन्ही एकदमच होते. चाळीस वर्षांत जे अंतर भावांनी राखले तेच कॅमेऱ्यानेही राखले आहे. आणि शेवटच्या हिमवादळात तो इतका जवळ जातो की चौकटीत दोन देहांखेरीज काही उरत नाही. चित्रपट न पाहिलेल्यांसाठी मी येथेच थांबतो.

‘अनदर राउंड’मध्ये (२०२०) हिशेब उलटा आहे. रक्तात अल्कोहोलचे प्रमाण सतत ०.०५ टक्के ठेवले तर माणूस अधिक खुलतो, या नॉर्वेजियन मनोविकारतज्ज्ञ फिन स्कोर्देरूड यांच्या नावावर सांगितल्या जाणाऱ्या कल्पनेवरून चार मध्यमवयीन शिक्षक स्वतःवर प्रयोग करू लागतात. पहिल्या जेवणाच्या प्रसंगात मॅस मिकेलसन यांनी साकारलेला मार्टिन आधी पाणी पितो आणि मग हळूहळू मित्रांच्या आग्रहाला बळी पडतो. तिथे हातातला कॅमेरा टेबलाशी बसलेल्या पाचव्या सोबत्यासारखा वागतो : कोण बोलतो याकडे वळतो, पण गप्प बसलेल्याकडेही त्याचे लक्ष असते. दारूची धुंदी दाखवायला चित्र धूसर करणे, दुहेरी प्रतिमा आणणे असले हमखास उपाय चित्रपटसृष्टीत पूर्वापार आहेत. ग्रोव्हलेन त्यांच्यावर विसंबत नाहीत. धुंदी नटांच्या देहात दिसते आणि कॅमेरा त्या देहांच्या मागोमाग सैलावतो. शेवटच्या नृत्यात तोच कॅमेरा पूर्ण देहाला मोकळी जागा देतो, आणि ती द्यायलाच हवी होती. मिकेलसन अभिनयात येण्याआधी जिम्नॅस्ट आणि व्यावसायिक नर्तक होते. या चित्रपटाला २०२१ मध्ये सर्वोत्तम आंतरराष्ट्रीय चित्रपटाचे ऑस्कर मिळाले.

अमेरिकेत जोसेफिन डेकर यांच्यासाठी केलेल्या ‘शर्ली’त (२०२०) ते याहूनही आत शिरले. लेखिका शर्ली जॅक्सन यांच्या आयुष्याचा आधार घेतलेल्या त्या कल्पित कथेत कॅमेरा चेहऱ्यांच्या इतका लगत असतो की चौकटीच्या कडा विरघळल्यासारख्या वाटतात आणि घरात नेमके कोण कुठे आहे याचा अंदाज सुटतो. मला हा चित्रपट काही ठिकाणी गुदमरवणारा वाटला, पण ते गुदमरणे कथेतल्या स्त्रियांचेच आहे.

आणि माणूसच नसेल तर? याचे उत्तर ‘लास्ट अँड फर्स्ट मेन’मध्ये सापडते. आइसलँडचे संगीतकार योहान योहानसन यांनी दिग्दर्शित केलेला हा एकमेव पूर्ण लांबीचा चित्रपट ओलाफ स्टेपलडन यांच्या १९३० च्या कादंबरीवर आधारलेला आहे. तो १६ मिलिमीटरच्या कृष्णधवल फिल्मवर चित्रित केला असून पडद्यावर एकही माणूस नाही. दिसतात ती पूर्वीच्या युगोस्लाव्हियात दुसऱ्या महायुद्धाच्या स्मृतीसाठी उभारलेली काँक्रीटची अवाढव्य स्मारके, आणि त्यांवर टिल्डा स्विंटन यांच्या आवाजातले निवेदन. योहानसन फेब्रुवारी २०१८ मध्ये गेले. पूर्ण झालेला चित्रपट २०२० च्या बर्लिन महोत्सवात दाखवला गेला. येथे कॅमेरा काँक्रीटच्या कडेवरून इतक्या संथपणे सरकतो की ही वास्तू किती मोठी आहे, हेच कळेनासे होते. शेजारी मोजमापासाठी माणूस नाही, झाड नाही, कधीकधी क्षितिजही नाही. माणसांच्या हातची स्मारके त्यामुळे कोट्यवधी वर्षांनंतरच्या कुणा वेगळ्याच प्रजातीने बांधल्यासारखी दिसतात, आणि कादंबरीला नेमके तेच हवे आहे.

प्रश्न : उत्तर युरोपातील चित्रपटांतला प्रकाश आपल्याकडच्या चित्रपटांपेक्षा वेगळा का दिसतो? तो निसर्गाचा भाग आहे की छायालेखकाचे कौशल्य?
– छायाचित्रणाची आवड असलेला वाचक, जळगाव

उत्तर : दोन्हींचा. आधी निसर्गाचे पाहू. ऑस्लो साधारण ६० अंश उत्तर अक्षांशावर आहे. तेथे उन्हाळ्यातल्या सर्वांत मोठ्या दिवशीसुद्धा भर दुपारी सूर्य क्षितिजापासून सुमारे साडेत्रेपन्न अंशांवरच असतो आणि हिवाळ्यातल्या सर्वांत लहान दिवशी तो जेमतेम साडेसहा अंश वर येतो. जळगावला मे महिन्याच्या अखेरीस दुपारचा सूर्य जवळजवळ डोक्यावर असतो, तेव्हा डोळ्यांच्या खोबणीत काळ्या सावल्या पडतात आणि छायालेखक दुपारचे चित्रण टाळू पाहतो. उत्तरेकडे ऊन तिरपे येते. ते चेहऱ्यावर बाजूने पडते, सावल्या लांब पण मवाळ असतात, आणि सूर्य तिरक्या वाटेने मावळत असल्यामुळे संधिप्रकाश कितीतरी वेळ टिकतो. आपल्याकडे सूर्य बुडाल्यावर अर्ध्या तासात मिळेल ते टिपून घ्यावे लागते.

पण हा उजेड आपोआप चित्र घडवत नाही. स्वीडिश छायालेखक स्वेन निकविस्ट यांनी इंगमार बर्गमन यांच्यासाठी काम करताना चर्चमध्ये तासन्‌तास बसून प्रकाश कसा सरकतो याचा अभ्यास केला होता. आपल्याकडे सुब्रत मित्र यांनी सत्यजित राय यांच्या ‘अपराजितो’साठी १९५६ मध्ये स्टुडिओत उभारलेल्या अंगणावर ताणलेल्या कापडावरून प्रकाश परतवून आभाळाचा मवाळ उजेड निर्माण केला. म्हणजे मृदू प्रकाश ही काही उत्तरेची मक्तेदारी नव्हे.

ग्रोव्हलेन यांनी या उजेडाचा सर्वांत अनपेक्षित उपयोग एस्किल फोग्ट यांच्या ‘द इनोसंट्स’ (२०२१) या नॉर्वेजियन चित्रपटात केला आहे. विषय भयाचा आहे. ऑस्लोच्या उपनगरातील मोठ्या वसाहतीत राहणाऱ्या काही मुलांना अद्भुत शक्ती असल्याचे कळते, आणि त्यांतल्या एकाच्या हातात ती घातक ठरते. भयपटाला अंधार लागतो ही आपली समजूत. येथे मात्र उन्हाळ्याच्या सुट्टीतले स्वच्छ ऊन आहे, हिरवळ आहे आणि न संपणाऱ्या संध्याकाळी आहेत. कॅमेरा मुलांच्या उंचीवर राहतो, त्यामुळे मोठी माणसे पुष्कळदा चौकटीच्या कडेला किंवा पाठमोरी असतात. शेवटचा सामना तळ्याच्या काठी, आसपास लोक असताना होतो आणि मोठ्यांपैकी कोणालाही काही कळत नाही. सगळे लख्ख दिसत असूनही कोणी पाहत नाही, हे भय अंधाराने साधले नसते. माझ्या मते ग्रोव्हलेन यांचे हे आजवरचे सर्वांत परिपक्व काम आहे. ‘व्हिक्टोरिया’च्या तुलनेत त्याची चर्चा फार कमी झाली याचे वाईट वाटते.

मुलांबरोबर काम करण्याचा त्यांचा अनुभव त्याआधीचा आहे. गुदमुंदुर अर्नार गुदमुंदसन यांचा ‘हार्टस्टोन’ (२०१६) आइसलँडच्या मच्छीमारी गावातील दोन किशोरवयीन मित्रांचा आहे. त्याच दिग्दर्शकाचा ‘ब्युटिफुल बीइंग्ज’ (२०२२) शहरातल्या मारकुट्या मुलांविषयी आहे. बेन झाइटलिन यांचा ‘वेंडी’ (२०२०) तर १६ मिलिमीटर फिल्मवर, बव्हंशी मुलांनाच घेऊन केला. पटकथा तेथे बरीच विस्कटलेली आहे, मात्र मुलांच्या धावण्यात कॅमेरा मनापासून सामील होतो.

प्रश्न : मी जनसंज्ञापनाची विद्यार्थिनी आहे. आम्ही मैत्रिणी मोबाइलवर विनाकट लघुपट करण्याच्या विचारात आहोत. ग्रोव्हलेन यांच्या कामातून आमच्यासारख्यांनी प्रत्यक्ष काय घ्यावे?
– विद्यार्थिनी, पुणे

उत्तर : आधी संहितेच्या पहिल्या पानावर एवढेच लिहा की कॅमेरा कोणाला बांधलेला आहे. ती व्यक्ती खोलीबाहेर गेली तर कॅमेरा जाईल आणि ती थांबली तर थांबेल. हा नियम ठरला की निम्मे प्रश्न सुटतात, कारण ‘आता कॅमेरा कुठे न्यावा’ हा वाद तालमीत उरत नाही. तो मोडावासा वाटेल असा एखादाच क्षण लघुपटात असू द्या.

तालीम दोन प्रकारे करा. प्रथम मोबाइलशिवाय, फक्त नटांची. त्यात संवादांपेक्षा चालण्याच्या वाटा पक्क्या करा. मग कॅमेरा धरणारीने रिकाम्या हाताने तीच वाट पुन्हा पुन्हा चालून पाहावी : दार कोण उघडणार, उलटे चालताना पाठीमागे पायरी आहे का, आरशात किंवा काचेत आपण दिसतो का. विनाकट चित्रणात फसणाऱ्या टेकांपैकी बरेच टेक दारापाशीच फसतात.

मोबाइलमध्ये फोकस आणि प्रकाशाची मात्रा आपोआप बदलत राहते, त्यामुळे खिडकीसमोरून कोणी गेले की चेहरा एकदम काळवंडतो. या दोन्ही गोष्टी स्वतः ठरवून कायम ठेवण्याची सोय वापरा आणि उजेडाचा मोठा बदल एकाच ठिकाणी येईल अशी वाट आखा. जिना किंवा बोळ यासाठी सोयीचा. चित्रण साडेसहाला सुरू करायचे ठरले असेल तर आधीच्या संध्याकाळी त्याच वेळी तेथे उभ्या राहून उजेड पाहून ठेवा. आवाज मोबाइलवर सोपवू नका. नटांच्या अंगावर छोटे माइक लावणे किंवा वेगळे ध्वनिमुद्रण करणे आवश्यक आहे. ‘व्हिक्टोरिया’तही काही ठिकाणी प्रत्यक्ष आवाज मागे सारून निल्स फ्राम यांचे संगीत पुढे आणले आहे, अखंड चित्राला श्वास घ्यायला तेवढीच जागा मिळते, हे लक्षात ठेवा.

पहिला प्रयत्न सात-आठ मिनिटांपेक्षा लांब नको. आणि कट नसल्याने एखादा प्रसंग कमकुवत होतो आहे असे तालमीत दिसले तर कट घ्या. ‘रॅम्स’मधली प्रत्येक रुंद चौकट कटाने सुरू होते आणि कटाने संपते, त्यात काही उणे वाटत नाही.

प्रश्न : यांचे चित्रपट कोणत्या क्रमाने पाहावेत?
– एक वाचक, सोलापूर

उत्तर : ‘रॅम्स’पासून सुरुवात करावी आणि शक्य तेवढ्या मोठ्या पडद्यावर पाहावा, मोबाइलवर त्या रुंद चौकटींतली माणसे ठिपक्याएवढी होतात. मग ‘व्हिक्टोरिया’, एका बैठकीत, मध्ये न थांबवता. त्याची सुरुवात क्लबमधल्या वेगाने लुकलुकणाऱ्या दिव्यांनी होते, त्यामुळे अपस्माराचा त्रास असणाऱ्यांनी तो टाळावा. त्यानंतर ‘अनदर राउंड’ आणि ‘द इनोसंट्स’. दुसऱ्यात मांजरावरच्या क्रौर्याचा एक प्रसंग आहे आणि तो पाहणे फार जड जाते, म्हणून घरातल्या मुलांबरोबर तो लावू नये. ‘लास्ट अँड फर्स्ट मेन’ सर्वांत शेवटी ठेवावा. त्यात कथानक असे जवळजवळ नाहीच, पण आधीच्या चार चित्रपटांत कॅमेरा माणसांशी कसा वागतो हे पाहिलेल्याला त्या ओसाड काँक्रीटसमोर तो इतका हळू का चालतो हे कळू शकेल.